गावाचा फेर मोडू देऊ नका



पेरण्या उरकून महिना-दीड महिना झाला. सोयाबीन, मूग, उडीद यांची कोळपणी-खुरपणी हातावेगळी झाली. भाताच्या मुलखात लावणी संपली आणि कमरेला जरा उसंत मिळाली. आता पिकाला आपल्यापेक्षा सरीची आणि उघडिपीचीच गरज जास्त. अशा दिवसांत नागपंचमी तोंडावर येते आणि तिच्या मागोमाग गौरी-गणपती. म्हणून या खेपेला खत-औषधांचा विषय बाजूला ठेवतो आणि आपल्या गावच्या नाचांविषयी चार शब्द लिहितो.

कोणी म्हणेल, "साहेब, तुम्ही शेतकी खात्याचे माणूस. तुम्हाला नाचाचे काय पडले?" प्रश्न रास्त आहे. त्याचे उत्तर शेतातलेच देतो.

हुमणीचे उदाहरण घ्या. पहिल्या पावसानंतर हुमणीचे भुंगेरे तिन्हीसांजेला कडुनिंब-बाभळीवर जमतात. फांद्या हलवून ते खाली पाडायचे, गोळा करायचे आणि रॉकेल घातलेल्या पाण्यात टाकायचे. उपाय साधा आणि स्वस्त आहे. पण एकट्याने केला तर वाया जातो, कारण शेजारच्या बांधावरचे भुंगेरे उडून येऊन तुमच्याच रानात अंडी घालतात. साऱ्या शिवाराने त्याच चार-आठ रात्री बाहेर पडावे लागते. पाण्याच्या पाळीचे तसेच. पाणंद रस्त्याचे तसेच. शेतीतली निम्मी दुखणी अशी आहेत की एकट्याने औषध घेऊन ती बरी होत नाहीत. ती निस्तरायला सगळ्यांनी एका वेळी, एकमेकांकडे पाहून पाऊल टाकावे लागते. ही सवय माहितीपत्रक वाटून लागत नाही, हे मी तीस वर्षे माहितीपत्रके वाटून सांगतो आहे. ती अंगात मुरावी लागते. आणि अंगात मुरण्याची सर्वांत आनंदाची जागा म्हणजे गावाचा फेर.

पिकाचे पंचांग आणि फेराचे पंचांग

आपले नाच वर्षात कधी येतात ते एकदा ओळीने मांडून पाहा. प्रत्येक नाच शेतीच्या कामातल्या सांदीत नेमका बसवलेला दिसेल.

नागपंचमीला जमीन नांगरायची नाही, खणायची नाही. घरात चिरायचे-कापायचे नाही, तवा ठेवायचा नाही. म्हणजे त्या दिवशी बैलाला सुट्टी आणि बाईलाही सुट्टी. झाडाला झोके बांधले जातात, वारुळाला जाताना आणि येताना फेर धरला जातो. पुढे गौरीची रात्र जागवायची ती झिम्मा-फुगडीने. तिकडे कोकणात याच गणपतीच्या दिवसांत जाखडी रंगते. मधोमध मृदंग घेऊन गाणारे बसतात आणि पायात चाळ बांधलेली पोरे त्यांच्याभोवती फिरतात. शक्तीवाले आणि तुरेवाले यांचे सवाल-जवाब पहाटेपर्यंत चालतात. जाखडीसाठी मुंबईचा चाकरमानी रजा काढून गावी येतो.

सूर्य हस्त नक्षत्रात गेला की पाटावर हत्तीचे चित्र काढून पोरी हादगा मांडतात. कोणी त्याला भोंडला म्हणते. विदर्भ-खानदेशाकडे याच सुमारास भुलाबाई असतात, त्या भादवी पुनवेपासून कोजागरीपर्यंत. तेव्हा खरीप पदरात पडायच्या बेतात असतो आणि परतीच्या पावसाकडे डोळे लागलेले असतात. दसरा-दिवाळीच्या सुमारास धनगर बांधवांच्या बिरोबाच्या यात्रा भरतात. ढोलांचे कडे उभे राहते, भंडारा उधळतो आणि हातात रुमाल घेऊन गजी नाचणारे गडी डुलत-डुलत फिरू लागतात. पालघरकडे भात पिकले की वारली पाड्यांवर तारपा घुमतो. गोव्यात पौषातल्या चांदण्या रात्री बायका मांडावर जमतात आणि समोरासमोर दोन ओळी करून धालो खेळतात. फाल्गुनात शिमगा येतो. सातपुड्यात काठी गावच्या होळीला भिल-पावरा बांधव डोक्यावर मोरपिसांचा टोप चढवून आणि कमरेला घुंगरे बांधून रात्रभर नाचतात. चैत्रात रब्बीची मळणी होऊन रान मोकळे झाले की गावोगावच्या जत्रा, पालखीपुढे लेझीम आणि हलगी.

हे पंचांग कोणा अधिकाऱ्याने आखलेले नाही. राबणाऱ्या माणसांनीच पिढ्यान्‌पिढ्या आखले. कामाच्या दोन ओझ्यांच्या मधे थोडे उतरून बसायची जागा असावी तशा या जागा आहेत.

गंमत कशात आहे?

लेझीम बहुतेकांनी शाळेत हातात धरली असेल. हातभर लाकडी दांडा, दोन्ही टोकांना अडकवलेली लोखंडी साखळी, साखळीत खुळखुळणाऱ्या चकत्या आणि मधे धरायला मूठ. शब्द फारसीतून आलेला. मूळची लेझीम म्हणजे दोरीऐवजी साखळी लावलेले धनुष्य. तालमीतले गडी ते ओढून दंड-छाती कमवीत. तालमीतला हा व्यायाम हलगी-ढोलाच्या साथीला आला आणि त्याचा नाच झाला. १९८२ साली दिल्लीत आशियाई खेळ भरले, तेव्हा उद्घाटनाच्या सोहळ्यात महाराष्ट्राची लेझीम साऱ्या देशाने पाहिली. पण लेझमीची खरी गंमत पाहणाऱ्याला कधीच पुरती कळत नाही. ती हातात घेणाऱ्यालाच कळते.

पहिली दहा मिनिटे फजितीची असतात. हात पुढे जातो तेव्हा पाय मागे राहतो. शेजाऱ्याची साखळी आपल्या कोपराला लागते. पोरे हसतात. वस्ताद ओरडतो. मग केव्हातरी हलगीचा ठेका पायात उतरतो. आणि एक क्षण असा येतो की चाळीस-पन्नास लेझमींचा खळखळाट थांबून एकच 'छन्' ऐकू येतो. त्या घटकेला प्रत्येकाच्या तोंडावर जे हसू येते, ते मी दुसरीकडे फारसे पाहिलेले नाही. भरघोस पीक आलेल्या रानात उभ्या असलेल्या माणसाच्या तोंडावर ते असते, पण ते सुख एकट्याचे. हे सगळ्यांचे एकदम असते, आणि कोणाचे कोणापेक्षा जास्त नसते.

हे नुसते मनाचे खेळ आहेत असे समजू नका. ऑक्सफर्ड विद्यापीठातल्या संशोधकांनी ब्राझीलमधल्या शाळकरी मुलामुलींवर एक प्रयोग केला. तो २०१५ साली प्रसिद्ध झाला. काही मुलांना एकाच तालावर, एकसारखे नाचायला लावले. काहींना एकाच वेळी पण वेगवेगळे. काहींना अंग घाम्याघूम होईल असे नाचवले, काहींना बसल्या-बसल्या हातवारे करायला लावले. नाचाच्या आधी आणि नंतर, रक्तदाब मोजण्याचा पट्टा दंडावर आवळून कोण किती दुखणे सोसते ते तपासले. एकत्र ताल धरून नाचलेल्यांची सोसण्याची ताकद वाढलेली दिसली आणि सोबत नाचणाऱ्यांविषयीचा जिव्हाळाही वाढलेला दिसला. अंग मेहनतीने हलवल्याचा फायदा वेगळा, आणि एकमेकांच्या तालात हलवल्याचा वेगळा. दोन्ही एकत्र आले की दुप्पट कमाई.

आपल्या माणसांना हे प्रयोगाशिवाय ठाऊक होते. ज्वारी काढताना भलरी म्हणायचे ते कशाला? कणसाला पाहिजे म्हणून नव्हे. बारा माणसांचे विळे एका लयीत चालले की ऊन कमी लागते म्हणून.

हात घट्ट धर

आता माय-भगिनींकडे वळतो, कारण गावाचा नाच खऱ्या अर्थाने त्यांनी सांभाळला आहे.

फुगडीचे गणित पाहा. दोघी समोरासमोर, पाय जुळवलेले, हातांची अढी घातलेली, आणि दोघीही मागे रेललेल्या. एकटी तशी रेलली तर पाठीवर पडेल. पण दोघींचा तोल एकमेकींच्या हातांत असतो. जेवढा विश्वास जास्त, तेवढे रेलणे जास्त. जेवढे रेलणे जास्त, तेवढी फुगडी वेगात. एकीने हात सोडला तर पडतात दोघी. कृषी विद्यालयात मला सहकाराचा धडा होता, पण फुगडीइतका सोपा करून तो कोणी शिकवला नाही.

एका नागपंचमीला मी एका वस्तीवर कपाशीची पाहणी करायला गेलो होतो. अंगणात बायकांचा फेर चालला होता. साठीतल्या एक आजी उठल्या आणि नव्या सुनेला म्हणाल्या, "ये गं, धर हात."

सून बावरली. "आत्याबाई, तुमचे गुडघे..."

"गुडघे माझे हाईत, तुझे न्हाईत. घट्ट धर आन् लाजू नगंस. सोडलंस तर मातूर दोघी पडू."

दोन-चार गिरक्याच झाल्या असतील. आजी दम लागून बसल्या आणि पदराने तोंड पुसत हसत राहिल्या. सूनही हसत होती. सकाळपर्यंत त्या सुनेला त्या घरात कोठे उभे राहावे हे कळत नव्हते, असे तिच्या नणंदेनेच नंतर आमच्या मंडळींना सांगितले. सासू-सुनेचे सगळे प्रश्न फुगडीने सुटतात असे मी म्हणणार नाही. पण एकमेकींच्या हातावर तोल टाकून पाहिला, ही गोष्ट दोघींच्या लक्षात राहते.

शिवाय हे खेळ किती तऱ्हेचे! बसफुगडी, दंडफुगडी, एका हाताची फुगडी, पिंगा, कोंबडा, गाठोडे, सूपनाच, किस बाई किस. कमरेला, पाठीला, मांड्यांना, दमाला, प्रत्येकाला वेगळा व्यायाम. आणि गाण्यांतून माहेर-सासर, नणंद-भावजय, जे एरवी तोंडाने बोलता येत नाही ते फेरात मोठ्याने म्हणता येते. वर्षभर जिचा आवाज घराच्या उंबऱ्याबाहेर जात नाही, तीही त्या रात्री मोकळ्या गळ्याने गाते.

फेरात बघ्याला जागा नाही

वारल्यांचा तारपा ज्यांनी पाहिला असेल त्यांना मी काय म्हणतो ते चटकन कळेल. तारपा म्हणजे सुकवलेला भोपळा, बांबू आणि ताडाची पाने यांपासून केलेले लांब वाद्य. वाजवणारा मधे असतो. बाया-गडी एकमेकांच्या कमरेत हात गुंफून त्याच्याभोवती साखळी धरतात. तारप्याचा सूर बदलला की पावले बदलतात. साखळी गोल-गोल गुंडाळत आत येते आणि उलगडत बाहेर जाते. जिव्या सोमा म्हसे या वारली चित्रकाराला २०११ साली पद्मश्री मिळाली. २०१८ साली ते गेले. वारल्यांच्या चित्रांत ती गुंडाळलेली साखळी पुन्हा पुन्हा येते. चित्रात नाचणारे सगळे सारख्याच उंचीचे, सारख्याच अंगाचे. कोण श्रीमंत, कोण पाटील, ओळखू येत नाही.

अशा नाचात पुढची रांग आणि मागची रांग नसते. खुर्ची नसते. पाहुणा आला तरी त्याला हात धरून आत ओढतात. चांगला नाचणारा आणि वाईट नाचणारा, दोघे एकाच साखळीत. वाईट नाचणाऱ्याला दोन्ही बाजूंचे हात सावरून नेतात.

आता आपल्या गावी काय होते ते पाहा. जत्रेची वर्गणी गोळा होते आणि तिच्यातला मोठा हिस्सा बाहेरून येणाऱ्या डीजेच्या गाडीला जातो. भिंतीएवढे कर्णे लागतात. घरातल्या भांड्यांना कंप सुटतो, गोठ्यातली दुभती जनावरे बुजतात, म्हाताऱ्यांची छाती धडधडते. सन २००० च्या ध्वनिप्रदूषण नियमांप्रमाणे रात्री दहा ते सकाळी सहा ध्वनिक्षेपक लावायला बंदी आहे, आणि राहत्या वस्तीत दिवसा आवाजाची मर्यादा ५५ डेसिबल व रात्री ४५ डेसिबल आहे. हे नियम बहुतेकांना माहीत असतात, पण बोलणार कोण? कर्ण्यापुढे पंधरा-वीस पोरे उड्या मारतात. बाकीचे गाव कडेला उभे राहून पाहते. बायका तर कडेलाही नसतात, दारातून पाहतात.

दुसरीकडे नाच व्यासपीठावर गेला. शाळेच्या संमेलनात दहा पोरी निवडल्या जातात, त्यांना भाड्याचे कपडे आणतात, परीक्षक नंबर काढतात. निवडलेल्या दहांचे कौतुकच आहे. पण उरलेल्या शंभर पोरींना त्या दिवशी कळते की नाच आपल्यासाठी नाही. फेरात असे कोणाला सांगितले जात नव्हते.

पोरांना दोष देण्यात अर्थ नाही. त्यांना नाचायचे आहेच, म्हणून तर ती कर्ण्यापुढे जातात. आपण त्यांना दुसरे काही शिकवलेच नाही.

जुन्या फेरातला खोटेपणा

जुने ते सगळे सोने, असेही मी म्हणणार नाही. खरे तेही सांगितले पाहिजे. आपल्या पुष्कळ गावांत हलगी वाजवणारा हात गावाला हवा असे, पण तो माणूस पंगतीला नको असे. त्याने रात्रभर पालखीपुढे वाजवायचे आणि जेवायला कडेला बसायचे. त्याच्या ठेक्यावर सारे गाव नाचे, त्याचा पोरगा मात्र फेरात नसे. विधवा बाईला हळदी-कुंकवाला बोलावीत नसत, तसेच गौरीच्या खेळातही मागे ठेवीत. फेर गोल होता, पण पुरा गोल नव्हता.

आता फेर पुन्हा धरायचा असेल, तर तो पुरा धरू या. नाहीतर न धरलेला बरा.

यावरून आमच्या तालुक्यातल्या एका गावाची हकिकत सांगतो. नाव सांगत नाही, कारण गावातल्या सर्वांनाच ते आवडेल असे नाही. वरची आळी आणि खालची आळी असे दोन तट. पाण्याच्या चारीवरून जुना तंटा. गणपती दोन, जत्रेच्या वर्गण्या दोन. देवळाच्या माळ्यावर लेझमींची एक पेटी गंज खात पडलेली. शाळेतल्या एका बाईंनी आणि पुण्याहून नोकरी सोडून परत आलेल्या एका तरुणाने मनावर घेतले. दोघे जुन्या वस्तादांकडे गेले. वस्ताद सत्तरीच्या पुढचे. म्हणाले, "माझा एक गुडघा गेलाय, पण तोंड शाबूत हाय. मी बाजंवर बसून सांगतो, तुम्ही नाचा."

हलगीसाठी ज्यांच्याकडे गेले, त्यांच्या वडिलांनी गावासाठी उभा जन्म वाजवले होते. ते म्हणाले, "वाजवायला येतो. पण माझा पोरगा आणि पोरगी फेरात नाचतील. आन् शेवटच्या दिवशी जेवायला आम्ही संगं बसू. जमत असंल तर सांगा, न्हाई तर राम राम."

गावाला उत्तर द्यायला दोन दिवस लागले. सोपे नव्हते. चार घरे त्या वर्षी आलीच नाहीत. पण बाकीचे 'हो' म्हणाले, आणि शेवटच्या दिवशी शाळेच्या अंगणात एकच पंगत बसली. वाढायला वस्तादांची नात होती आणि हलगीवाल्यांची मुलगीही.

चारीचा तंटा लेझमीने मिटला का? नाही. अजून पुरता मिटलेला नाही. पण दोन आळ्यांतले दोन शेतकरी, जे काही वर्षे एकमेकांशी बोलत नव्हते, ते लेझमीच्या रांगेत जोडीदार म्हणून आले. एकाची लेझीम हातातून निसटली, दुसऱ्याने उचलून दिली. आता पाळी बदलायची असली की एकजण दुसऱ्याच्या दारात जाऊन सांगतो. पूर्वी हा निरोप पाटकऱ्यामार्फत जाई. एवढाच फरक पडला. पण रात्री दोन वाजता दारे धरणाऱ्या माणसाला विचारा, हा फरक केवढा आहे ते.

सुरुवात कशी करावी?

आता कामाच्या गोष्टी सांगतो. यात खर्च फारसा नाही.

१. जाणता माणूस आधी गाठा. गावात अजून एखादे वस्ताद, एखाद्या आजी, एखादा ढोलकरी असतोच. हे नाच कागदावर लिहिलेले नाहीत. ते त्यांच्या पायांत आणि गळ्यात आहेत. आजींना सगळी गाणी एकदम आठवणार नाहीत. बाजूला दोघी-तिघी बसल्या आणि फेर सुरू झाला की पुढची ओळ आपोआप येते. पोरांच्या हातात मोबाइल आहेच, त्यावर ते ध्वनिमुद्रित करून ठेवायला सांगा. त्या यंत्राचा तेवढा तरी उपयोग होऊ द्या.

२. वेळ ठरवा. धारा काढून, जेवणे उरकून रात्री आठ ते नऊ. तास पुरे. तासाच्या वर गेले की सकाळी अंग जड होते आणि आठ दिवसांत माणसे गळतात.

३. जागा मऊ मातीची निवडा. शाळेचे अंगण, देवळापुढचे पटांगण किंवा जुने खळे. खडे-काचा वेचून घ्या. फरशीवर किंवा काँक्रीटवर अनवाणी नाचू नका, टाचा आणि गुडघे दुखावतात. पावसाळ्यात येता-जाता हातात बॅटरी असू द्या. हे दिवस विंचू-काट्याचे आणि सापांचे आहेत.

४. थोडके शिका. लेझमीत पहिल्या आठवड्यात चार आवाज आणि पवित्रा एवढेच बसवा. बायकांच्या खेळांत आधी साधा फेर आणि झिम्मा, मग फुगडी. चाळिशीच्या पुढच्यांनी आधी चार-पाच मिनिटे संथ पावले टाकून अंग मोकळे करावे. ज्यांना दमा, हृदयविकार किंवा चक्कर येण्याचा त्रास आहे त्यांनी आणि गरोदर भगिनींनी गिरक्या घेऊ नयेत. फेरात टाळ्या वाजवायला आणि गायलाही माणसे लागतातच.

५. वाद्यांची निगा ठेवा. श्रावणातल्या दमट हवेत हलगीचे कातडे सैल पडते आणि आवाज बसतो. वाजवण्याआधी ती मंद जाळावर लांबून शेकावी. आचेजवळ धरली तर कातडे तडकते. काम झाल्यावर कोरड्या जागी टांगून ठेवावी. लेझमीच्या साखळीला गंज चढला असेल तर काथ्याने घासून तेलाचा बोळा फिरवा, आणि दांड्याची कडी ढिली झाली नाही ना हे पाहा. निसटलेली साखळी शेजाऱ्याच्या डोळ्याला लागू शकते.

६. नंबर काढू नका. बक्षीस ठेवायचेच असेल तर गूळ-शेंगदाण्याची खिरापत ठेवा, सर्वांना सारखी.

७. दारू पिऊन आलेल्याला फेरात घेऊ नका. कोणाचा मुलगा, कोणाचा पाहुणा, हे न पाहता. हा नियम पहिल्या रात्री पाळला तर पुन्हा सांगावा लागत नाही, आणि लेकी-सुना निर्धास्त येतात.

८. ध्वनिक्षेपक नको. हलगीचा आवाज गावाला पुरतो. माणसांचे गळे ऐकू येणार नाहीत इतके मोठे काहीही वाजू लागले की फेर मोडतो.

आणि शेवटची, पण महत्त्वाची गोष्ट. सरपंच, शिक्षक, ग्रामसेवक, सोसायटीचे चेअरमन, आणि माझ्यासारखे अधिकारीसुद्धा, यांना उद्घाटनाला नारळ फोडायला बोलावू नका. बोलवायचेच असेल तर चप्पल काढून फेरात या म्हणून सांगा. हार-तुऱ्यांत एक तास जातो, तो वाचेल.

श्रावणाचे हे थोडे दिवस हातात आहेत. पुढे काढणीची घाई लागली की कोणाला कोणाकडे पाहायला सवड मिळणार नाही. तेव्हा या आठवड्यात एवढेच करा. आपल्या गावात फेर, फुगडी, लेझीम, गजी, जाखडी, जे काही असेल, ते जाणणारे सर्वांत वयस्क माणूस कोण आहे याची चौकशी करा आणि संध्याकाळी त्यांच्या घरी जाऊन बसा. सोबत घरातले एखादे लहान मूल न्या. "आम्हाला शिकवाल का?" एवढेच विचारा. त्यांना हा प्रश्न कोणी फार वर्षांत विचारलेला नसतो.

पुढल्या अंकात सोयाबीनवरील खोडमाशी आणि चक्री भुंगा यांचा बंदोबस्त पाहू. तोवर पिकातून दर आठ दिवसांनी एक चक्कर मारत राहा.